भूतकाळ कुठे साठतो? खान्देशातल्या खुणा आणि त्या वाचायची रीत

पेट झाली, आता विषय ठरवायचाय, अशा टप्प्यावर असलेल्या जळगाव-धुळ्याच्या मुलामुलींकडून एक वाक्य नेहमी कानावर येतं: "आमच्या भागात इतिहासाचं तसं काही नाही." रायगड नाही, शनिवारवाडा नाही. अजिंठा बघायला लोक जळगाव स्टेशनवर उतरतात, पण लेणी मात्र शेजारच्या जिल्ह्यात. मग हे विद्यार्थी पुण्या-साताऱ्याचा एखादा विषय घेतात. त्यावर आधीच दहा प्रबंध झालेले असतात, आणि हा अकरावा होतो.

हा लेख त्या वाक्याला उत्तर म्हणून लिहितोय. घडून गेलेली गोष्ट पूर्ण जात नाही, तिची खूण कुठेतरी राहते: मातीत, दगडावर, गावाच्या नावात, पाटाच्या पाण्यात, बोलीत, सरकारी दप्तरात. खान्देशात अशा खुणा भरपूर आहेत. पण खूण आपोआप टिकत नाही. कोणीतरी, किंवा काहीतरी, तिला टिकवतं, म्हणून प्रत्येक खुणेला दोन प्रश्न विचारावे लागतात. पहिला, काय घडलं? दुसरा, ही खूण आजवर कोणी जपली आणि कशासाठी? पहिला प्रश्न आपण सगळेच विचारतो. दुसरा सहसा राहून जातो, आणि प्रबंध तिथेच कच्चा पडतो.

आधी एक कादंबरी

इतिहासाच्या लेखात कादंबरी कशाला, असं वाटेल. पण खान्देशात काळाचा सगळ्यात गंभीर विचार एका कादंबरीकाराने केलाय. भालचंद्र नेमाडे मूळचे यावल तालुक्यातल्या सांगवीचे. २०१० साली आलेल्या त्यांच्या ‘हिंदू: जगण्याची समृद्ध अडगळ’ या कादंबरीचा नायक खंडेराव पुरातत्त्वाचा संशोधक आहे. एका टोकाला मोहेंजोदडोचं उत्खनन, दुसऱ्या टोकाला मोरगाव हे त्याचं गाव, आणि मधली हजारो वर्षं त्याच्या डोक्यात एकाच वेळी जागी. त्या जगात काळ नदीसारखा वाहून जात नाही. तो साठतो.

यातला ‘अडगळ’ हा शब्द संशोधकाने उचलावा असा आहे. घरातला माळा आठवा. मोडका पाळणा, आजोबांची पत्र्याची ट्रंक, भोक पडलेला हंडा, जुन्या पावत्यांचं बोचकं. कोणी ते हौसेने मांडून ठेवलेलं नसतं. "असू दे, लागेल कधीतरी" म्हणून ते टाकायचं राहिलेलं असतं. भूतकाळही बहुतेक वेळा असाच टिकतो.

कादंबरीकाराला मोहेंजोदडो आणि मोरगाव एका वाक्यात आणता येतात. तुम्हाला-मला ती मुभा नाही. तिथून इथपर्यंत गोष्ट कोणत्या वाटेने आली, हे आपल्याला टप्प्याटप्प्याने दाखवावं लागतं. दाखवता आलं नाही तर तसं लिहावं लागतं. आता प्रत्यक्ष खुणा पाहू.

पाटणे: एक गाव, दोन खुणा

चाळीसगावच्या दक्षिणेला, डोंगराच्या पायथ्याशी पाटणे गाव आहे. पाटणादेवीमुळे ते सगळ्यांना माहीत असतं. या एका गावाच्या परिसरात दोन अगदी वेगळ्या जातीच्या खुणा मिळाल्या.

पहिली मातीतली. १९७०च्या दशकात एस. ए. साळी यांनी इथे उत्खनन केलं. त्यात अश्मयुगाच्या उत्तर टप्प्यातली दगडी हत्यारं मिळाली, आणि शहामृगाच्या अंड्याची कवचंही. एका तुकड्यावर माणसाने कोरलेल्या रेषा आहेत, कवचाचे मणीही केलेले आहेत. काळ साधारण २५,००० वर्षांपूर्वीचा. म्हणजे एके काळी या भागात शहामृग होते, आणि त्यांच्या अंड्यांवर नक्षी काढायला सवड असलेली माणसंही होती.

दुसरी खूण दगडावरची. इथल्या देवीच्या देवळातला शिलालेख एकोणिसाव्या शतकात डॉ. भाऊ दाजी लाड यांनी अभ्यासकांपुढे आणला. लेख इ.स. १२०७ चा, यादव राजा सिंघण याच्या काळातला. त्यात भास्कराचार्यांच्या घराण्याची वंशावळ आहे. भास्कराचार्यांचा मुलगा लक्ष्मीधर, त्याचा मुलगा चांगदेव. हा चांगदेव सिंघणाचा ज्योतिषी होता. आजोबांचे ‘सिद्धांतशिरोमणी’सारखे ग्रंथ शिकवले जावेत म्हणून त्याने इथे मठ काढला, आणि स्थानिक निकुंभ घराण्याच्या राजांनी त्या मठाला दान दिलं.

या दोन खुणा टिकल्या कशा? कवच कोणी जपलेलं नाही, ते मातीखाली दबलं म्हणून राहिलं. शिलालेख मात्र राहावा म्हणूनच कोरला होता. फ्रेंच इतिहासकार मार्क ब्लॉख याने पुराव्यांची हीच विभागणी केली आहे: काही पुरावे पुढच्या पिढ्यांनी वाचावेत म्हणून ठेवलेले, काही नकळत राहून गेलेले. त्याचं म्हणणं असं की इतिहासकाराने दुसऱ्या प्रकारावर जास्त भर द्यावा, कारण नकळत राहिलेला पुरावा आपल्याला काही पटवून द्यायला बसलेला नसतो.

पण गंमत बघा, एकाच शिलालेखात दोन्ही प्रकार असू शकतात. पाटण्याच्या लेखाचा मोठा भाग संस्कृतात आहे. त्यात घराण्याचा गौरव आहे, राजांची स्तुती आहे. शेवटी मात्र काही ओळी जुन्या मराठीत येतात. मठासाठी कोणी काय द्यायचं, हा त्यांचा विषय: बाजारात विकल्या जाणाऱ्या मालावर किती, तेलाच्या घाण्यामागे किती. ज्यांच्याकडून वसूल करायचं त्यांना समजावं म्हणून भाषा बदलली असावी, असा अंदाज करता येतो. चांगदेवाला आपल्याला सांगायचं होतं ते एवढंच, की माझे आजोबा केवढे मोठे. पण नकळत तो सांगून गेला की १२०७ साली पाटण्याला बाजारपेठ होती, तेलाचे घाणे चालत होते, आणि व्यवहाराची भाषा मराठी होती. आर्थिक इतिहास करणाऱ्याला वंशावळीपेक्षा या ओळी जास्त कामाच्या आहेत.

आणि एक सावधगिरी. "भास्कराचार्यांचं जन्मगाव पाटणे" असं वाक्य आपण सहज लिहून जातो. त्यांनी स्वतः आपलं गाव सह्याद्रीच्या कुशीतलं ‘विज्जडविड’ असल्याचं म्हटलंय, आणि ते नेमकं कुठलं यावर अभ्यासकांची मतं वेगवेगळी आहेत. शिलालेखाने पक्कं होतं ते हे, की त्यांच्या नातवाने इथे मठ काढला. खूण जेवढं बोलते तेवढंच लिहायचं. उरलेलं ‘असावं’ म्हणून लिहायला हरकत नाही, ‘आहे’ म्हणून नाही.

खान्देश टिकला, दानदेश गेला

आता डोळ्यासमोरच असलेली खूण: नाव.

चौदाव्या शतकाच्या शेवटी मलिक राजा याने थाळनेर इथून स्वतंत्र कारभार सुरू केला. तोच फारुकी घराण्याचा मूळ पुरुष. हे थाळनेर आज शिरपूर तालुक्यात, तापीच्या काठावर आहे. फारुकींच्या कबरी तिथे अजून आहेत. पुढे घराण्याची सत्ता अशीरगड आणि बुऱ्हाणपूरकडे सरकली. या राज्यकर्त्यांना ‘खान’ हा किताब होता, त्यावरून ‘खानांचा देश’ तो खानदेश, ही सर्वांत प्रचलित व्युत्पत्ती. कान्हदेश, म्हणजे कृष्णाचा देश, असं मानणारेही आहेत. खांडववनाशी नातं जोडणारेही आहेत.

इथे नवा संशोधक अडकतो. कोणती व्युत्पत्ती खरी, यावर तो वीस पानं खर्च करतो. जास्त चांगला प्रश्न वेगळा आहे: हे नाव टिकलं कसं? कारण ते पुसायचा प्रयत्न झाला होता. १६०१ साली अशीरगड अकबराच्या हाती आला, आणि शहजादा दानियालच्या नावावरून या सुभ्याचं नाव ‘दानदेश’ ठेवण्यात आलं. मागे केवढी सत्ता होती विचार करा: बादशाही फर्मानं, टांकसाळ, दप्तर. दानियाल १६०५ साली वारला, आणि आज दानदेश हे नाव इतिहासाच्या पुस्तकाबाहेर कुठे ऐकू येत नाही. ज्यांचं राज्य बुडालं त्यांच्या काळचं नाव राहिलं, ज्यांनी बुडवलं त्यांचं नाव गेलं.

पुढेही हेच. इंग्रजांनी १९०६ साली खान्देश जिल्ह्याचे पूर्व आणि पश्चिम असे दोन भाग केले. महाराष्ट्र राज्य झाल्यावर ते जळगाव आणि धुळे झाले. १९९८ साली धुळ्यातून नंदुरबार वेगळं निघालं. १९९० साली जळगावला विद्यापीठ आलं, त्याचं नाव ‘उत्तर महाराष्ट्र’, आणि नंतर त्यात कवयित्री बहिणाबाई चौधरींचं नाव जोडलं गेलं. जिल्ह्यांच्या यादीत ‘खान्देश’ आज कुठेच नाही. ज्या बुऱ्हाणपूरला फारुकींची राजधानी होती, ते तर मध्य प्रदेशात गेलं. तरीही अमळनेरला खान्देश शिक्षण मंडळ आहे, पुण्यातल्या हॉटेलच्या पाटीवर ‘खान्देशी शेवभाजी’ आहे, आणि मुंबईत दोन अनोळखी माणसं "तुम्ही खान्देशातले का?" म्हणत ओळख काढतात.

जगात याचं उलटं उदाहरणही आहे. रशियात लेनिनग्राड शहराने १९९१ साली सेंट पीटर्सबर्ग हे जुनं नाव परत घेतलं, पण भोवतालच्या प्रांताचं सरकारी नाव लेनिनग्राडच राहिलं. तिथे जुनं नाव दप्तराने जपलं. आपल्याकडे दप्तराने सोडलं आणि लोकांनी जपलं.

त्यामुळे ‘खान्देश’ हे नाव फारुकींबद्दल जेवढं सांगतं, त्याहून जास्त ते वापरणाऱ्या नंतरच्या लोकांबद्दल सांगतं. त्यांना आपली वेगळी ओळख हवी होती, म्हणून नाव राहिलं. ‘१९६० नंतरच्या संस्था, वर्तमानपत्रं आणि दुकानांच्या नावांत खान्देश’ असा विषय कोणी घेतला, तर साधनं रस्त्यावर पडलेली आहेत. जुन्या डिरेक्टऱ्या, नोंदणीची कागदपत्रं, जाहिराती. मोडीसुद्धा लागणार नाही.

फड: वापरात राहिलेली खूण

काही खुणा वस्तू नसतात, रीत असतात. धुळे जिल्ह्यातल्या पांझरा नदीच्या खोऱ्यात, आणि मोसम, गिरणेच्या काठानेही, ‘फड’ नावाची पाणीवाटपाची पद्धत आहे. नदीवर बंधारा बांधायचा. पाणी पाटाने उताराकडे न्यायचं. भिजणाऱ्या जमिनीचे तीन-चार मोठे तुकडे पाडायचे, तेच फड. एका फडात एका हंगामात सगळ्यांनी एकच पीक घ्यायचं, आणि पिकाची पाळी फडाफडांत फिरवायची. यंदा एका फडात ऊस, तर दुसऱ्यात ज्वारी. प्रत्येकाची थोडी थोडी जमीन निरनिराळ्या फडांत असली म्हणजे नफा-तोटा वाटला जातो. पाणी देणारा पाटकरी, राखणीला जागल्या, देखरेखीला हवालदार. बंधाऱ्याची आणि पाटाची डागडुजी सगळ्यांनी मिळून.

ही पद्धत तीन-चारशे वर्षं जुनी असल्याचं सांगितलं जातं. १८८० च्या खान्देश गॅझेटियरमध्ये इथल्या जुन्या बंधाऱ्यांची दखल आहे. आता दुसरा प्रश्न लावा. फड कोणी जपला? दरवर्षी पाणी हवं असलेल्या शेतकऱ्याने. रीत पाळली नाही तर पीक जातं, म्हणून रीत राहिली. तिच्यात इतिहास साठतोय हे कोणाच्या ध्यानीमनीही नव्हतं.

अशा खुणेत भाषा मोलाची असते. ‘पाटकरी’ आणि ‘जागल्या’ हे मराठी घडणीचे शब्द. ‘हवालदार’ फारसीतून आलेला. मग ही व्यवस्था फारुकींच्या काळची ठरवायची का? घाई करू नका. फारसी शब्द मराठेशाहीच्या कारभारातही सर्रास होते. ‘हवालदार’ शब्दावरून एवढंच म्हणता येतं की कधीतरी या व्यवस्थेने राज्यकारभाराची भाषा उचलली. बंधारे आधीचे आणि शब्द नंतरचा, असंही असू शकतं.

स्पेनमधल्या वॅलेन्सियाचं उदाहरण इथे उपयोगी आहे. तिथलं पाणीवाटपाचं न्यायमंडळ दर गुरुवारी दुपारी कॅथेड्रलच्या दारात भरतं, आणि शेतकऱ्यांची भांडणं तोंडी सोडवतं. पाटाला तिथे ‘आसेकिया’ म्हणतात, तो शब्द अरबीतून आलाय. राजे बदलले, धर्म बदलला, पण पाटाचा शब्द राहिला. अर्थशास्त्रज्ञ एलिनोर ऑस्ट्रॉम यांनी सामाईक साधनांवरच्या पुस्तकात वॅलेन्सियासारख्या व्यवस्थांचा अभ्यास केला, पुढे २००९ साली त्यांना नोबेल मिळालं. म्हणजे आपल्या गावचा पाट हा जगाच्या चर्चेतला विषय आहे, हे लक्षात घ्या.

पण इथे वेळ कमी आहे. वरच्या अंगाला धरणं झाली, नदीचं वाहतं पाणी घटलं, विहिरी आणि मोटारी आल्या. ज्याच्याकडे स्वतःची विहीर आहे त्याला फडाच्या नियमाची गरज उरत नाही. गरज संपली की रीत संपते, आणि ती कुठे लिहून ठेवलेली नसते. शिलालेख अजून शंभर वर्षांनीही वाचता येईल. जागल्याचं काम केलेल्या म्हाताऱ्या माणसाची मुलाखत शंभर वर्षांनी घेता येणार नाही. विषय निवडताना हा फरक मनात ठेवा.

अहिराणी: जिथे साखळी तुटते

"तुनं नाव काय शे?" अहिराणीतलं हे वाक्य बाहेरच्या माणसाला निम्मं मराठी, निम्मं गुजराती वाटतं. मराठीचं ‘आहे’, गुजरातीचं ‘छे’, आणि इथलं ‘शे’. ग्रिअर्सनच्या भाषा-पाहणीच्या १९०७ च्या खंडात खानदेशी भिल्ली भाषांच्या सोबत घातलेली आहे. अहिराणी ही मराठीची बोली की स्वतंत्र भाषा, हा वाद अजून चालूच आहे.

आपल्या विषयाच्या दृष्टीने तिचं नाव बघा. अहिराणी अहीरांची, आणि अहीर म्हणजे जुने आभीर, अशी मांडणी वारंवार होते. नाशिकच्या पांडवलेण्यात आभीर राजा ईश्वरसेन याचा तिसऱ्या शतकातला शिलालेख आहे. आजारी भिक्षूंच्या औषधासाठी केलेल्या दानाची त्यात नोंद आहे. म्हणजे या भागात आभीरांची सत्ता होती हे पक्कं. ‘आभीर’चा ‘अहीर’ होणं ध्वनिनियमांनाही धरून आहे.

मग आजची अहिराणी ही तिसऱ्या शतकातल्या आभीरांची बोली म्हणायची का? इथे थांबायला हवं. नाव पुढे येणं वेगळं, माणसं पुढे येणं वेगळं, आणि बोली पुढे येणं त्याहून वेगळं. आभीर सत्ता आणि आजची बोली यांच्यामध्ये दीड हजाराहून अधिक वर्षं आहेत. मधले दुवे दाखवल्याशिवाय दोन टोकं बांधली, तर आपण कादंबरीकाराची मुभा इतिहासात वापरतोय. शिवाय अहिराणी फक्त अहीर बोलत नाहीत. पिढ्यान्‌पिढ्या अनेक जातीजमाती ती बोलत आल्या आहेत. एका प्राचीन नावाच्या ओढीने बोली एकाच समाजाच्या नावावर चढवली, तर बाकीच्यांचा वाटा आपण आपल्या हाताने पुसतो.

याचा अर्थ हा विषय सोडा असा नाही. ओव्या, म्हणी, नात्यांचे शब्द, शेतीचे शब्द गोळा करा. गुजराती, भिल्ली आणि मराठीशी त्यांची तुलना करा. तुटलेली साखळी प्रामाणिकपणे ‘इथे तुटली’ म्हणून दाखवणं हाही निष्कर्ष असतो, आणि बाहेरचे परीक्षक त्याला मान देतात.

खाज्या नाईक: विरोधकाच्या दप्तरातली खूण

धुळ्याहून शिरपूर, पळासनेर करत आग्रा रोडने सेंधव्याकडे गेला असाल तर सातपुड्याचा घाट तुम्ही ओलांडलाय. या रस्त्याच्या रखवालीवर खाज्या नाईक हा भिल्ल नायक इंग्रजांच्या नोकरीत होता. १८५७ च्या उठावात तो इंग्रजांविरुद्ध उभा राहिला. भीमा नाईक आणि इतर साथीदार बरोबर होते. एप्रिल १८५८ मध्ये सातपुड्यात आंबापाणी इथे भिल्लांची आणि इंग्रज फौजेची मोठी लढाई झाली.

हे आपल्याला कळतं कुठून? बहुतांशी इंग्रजांच्या पत्रांतून आणि अहवालांतून. भिल्लांनी स्वतः लिहिलेला कागद नाही. १८२५ साली जेम्स औट्रम याने धरणगावला भिल्लांची पलटण उभी केली, तेव्हापासून सरकारी कागदात भिल्ल दोनच प्रकारे दिसतो: नोकरीत आला तर ‘सुधारलेला’, उठला तर ‘लुटारू’. पत्र लिहिणाऱ्या अधिकाऱ्याला वरिष्ठांना दाखवायचं असायचं की बंदोबस्त आपण नीट ठेवला, आणि जे बिघडलं ते समोरच्याच्या स्वभावामुळे बिघडलं.

कागद शत्रूने जपला म्हणून तो फेकून द्यायचा नाही. त्यातले शब्द आणि त्यातली माहिती वेगळी करायची. ‘लुटारू’ हा अधिकाऱ्याचा शब्द आहे. किती माणसं, कोणत्या वाटेने, कोणाचा पगार थकला होता, कोणाला पकडलं, ही माहिती आहे. मग ती डोंगरातल्या पाड्यांवरच्या गाण्यांशी आणि सांगण्याशी ताडून बघायची. मात्र गाणीही कोणीतरी, कशासाठी तरी जपली आहेत. तोंडी परंपरेला आपण प्रेमापोटी सूट देतो. ती देऊ नका, तिलाही तोच दुसरा प्रश्न विचारा.

राजवाडे: माळ्यावरून दप्तरात

आता शेवटची पायरी. अडगळीतली खूण संशोधनाचं साधन कधी होते? कोणीतरी ती उचलून, तपासून, क्रम लावून ठेवतो तेव्हा. खान्देशात हे काम ज्यांच्या नावाने ओळखलं जातं ते वि. का. राजवाडे ३१ डिसेंबर १९२६ रोजी धुळ्यातच वारले. १८९८ पासून त्यांनी ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’चे २२ खंड काढले. त्यासाठी ते गावोगाव हिंडले, घराघरांतली दप्तरं उघडायला लावली. त्यांच्या निधनानंतर १९२७ साली धुळ्यात राजवाडे संशोधन मंडळ उभं राहिलं. धुळ्यातच समर्थ वाग्देवता मंदिरात शंकरराव देवांनी जमवलेली रामदासी मठांमधली बाडं आहेत. ज्या शहरात ‘इतिहासाचं काही नाही’ म्हणतात, तिथे हे आहे.

राजवाड्यांनी गावांची नावं, आडनावं, शब्दांची मुळं यांच्यावरही काम केलं. त्यांच्या सगळ्या व्युत्पत्ती आज मान्य नाहीत, तरी साधं नावसुद्धा पुरावा होऊ शकतं ही दृष्टी त्यांनी दिली. त्यांच्याकडूनच पुढची शंकाही शिका. दप्तर कोणाच्या घरी सापडतं? ज्यांच्या घरी लिहिणं-वाचणं होतं, वाडा होता, कागद कोरडा राहील असं छप्पर होतं, त्यांच्या. म्हणजे संग्रह कितीही मोठा असला तरी तो सगळ्या गावाचा आरसा नसतो. पाटकऱ्याचा आणि जागल्याचा कागद तुम्हाला तिथे मिळणं अवघड आहे. म्हणूनच फडासाठी शेतात जावं लागतं आणि खाज्या नाईकासाठी पाड्यावर.

आता तुमचं काम

आराखडा लिहायला बसण्याआधी, तुमच्या मनात असलेल्या खुणेसाठी हे पाच प्रश्न वहीत लिहून काढा.

१. ही खूण कशात आहे? मातीत, दगडात, कागदात, नावात, रितीत की बोलीत? साधनं आणि पद्धत यावरच ठरतात.

२. ती मुद्दाम ठेवलेली आहे की नकळत राहिलेली? मुद्दाम ठेवलेली असेल तर तिच्यात नकळत काय आलंय?

३. घटना आणि आज यांच्यामध्ये ती कोणाकडे होती? शक्य तेवढे टप्पे तारखांसह मांडा. जिथे टप्पा नाही तिथे मोकळी जागा सोडा, ती भरू नका.

४. जपणाऱ्याचा त्यात फायदा काय होता? पाणी, मान, वतन, नोकरी, ओळख?

५. तिच्याबरोबरच्या कोणत्या खुणा टिकल्या नाहीत? दानदेशासारखं काही शोधा. न टिकलेल्या गोष्टीमुळे टिकलेलीचं कारण कळतं.

यातला तिसरा प्रश्न सगळ्यात वेळ खातो आणि सगळ्यात जास्त देतो. मार्गदर्शकांसमोर "माझा विषय फड पद्धती" असं सांगितलंत तर ते मान हलवतील. "पांझरेच्या एका बंधाऱ्यावर १८८० पासून आजपर्यंत पाणीवाटपाचा निर्णय कोणाच्या हातात होता, ते मला शोधायचंय" असं सांगितलंत, तर ते खुर्ची पुढे ओढून बसतील.

विषय कोणताही घ्या, एक काम मात्र या सुट्टीतच उरका. घरातल्या किंवा गावातल्या सगळ्यात वयस्कर माणसाजवळ बसा आणि एकच विचारा: पूर्वी पाणी कोण सोडायचं? राखण कोण करायचं, त्याला काय मिळायचं? मोबाईलवर रेकॉर्डिंग ठेवा, त्यांची परवानगी घ्या, तारीख आणि गाव लिहा, आणि बोलणं अहिराणीत असेल तर अहिराणीतच उतरवा. पुस्तकी मराठीत बदलू नका. शहामृगाचं कवच मातीने २५,००० वर्षं सांभाळलं. या माणसाचं बोलणं सांभाळायला मात्र तुमच्याशिवाय कोणी नाही.